नाटकात पैसा घालण्याआधी: नाशिकच्या सावध व्यापाऱ्यासाठी

अंबडला माझा कोरोगेटेड खोक्यांचा कारखाना आहे. पावसाळा सरला की कागदाचे रीळ भरून ठेवायचे, जानेवारीपासून पिंपळगाव-दिंडोरीच्या पॅकहाउसना द्राक्षाची खोकी पोचवायची आणि पैशांसाठी मे उजाडेपर्यंत थांबायचं, असं आमचं वर्ष जातं. एक गारपीट झाली की बागायतदाराबरोबर आमचीही ऑर्डर जाते. जोखीम मला नवी नाही. पण उधारी कोणाला आणि किती, हे ठरल्याशिवाय माझ्या गेटातून गाडी बाहेर पडत नाही.

असा माणूस २०१८ पासून मराठी नाटकात पैसा घालतोय. आधी नाशिकला एकेका प्रयोगाचं कंत्राट घेतलं, मग एका नव्या नाटकात भागी घेतली, मध्ये एका सिनेमात हात पोळले. आता ओळखीतली माणसं विचारायला येतात. कोणी हार्डवेअरवाला, कोणी द्राक्ष बागायतदार, एक डॉक्टरही आले होते. त्यांना समोर बसवून जे सांगतो, ते इथे सविस्तर लिहितो.

नाटक चालेल की नाही हे आधी कोणालाच कळत नाही, चाळीस वर्षं मुरलेल्या निर्मात्यालाही नाही. पण ते पडलं तर आपले किती जातील, हे चेक फाडण्याआधी रुपयापर्यंत ठरवता येतं. खाली जे काही लिहिलंय ते सगळं हा एक आकडा ठरवण्यासाठी आणि नंतर तो वाढू न देण्यासाठी आहे.

आधी आकडा

एक कागद घ्या. मागच्या तीन वर्षांचा कर भरून उरलेला नफा लिहा आणि त्यातलं सगळ्यात वाईट वर्ष धरा, सरासरी धरू नका. त्यातून घरखर्च, मुलांच्या फिया, विम्याचे आणि मशीनचे हप्ते, पुढच्या हंगामाच्या कच्च्या मालाचा पैसा वजा करा. उरेल त्याच्या चौथ्या हिश्श्याहून जास्त रक्कम नाटकाला नको. हा चौथा हिस्सा मी माझ्यापुरता ठरवलाय. तुमचा पाचवा असेल, दहावाही असेल. पण वाचून सोडून देऊ नका, कागदावर मांडा.

बँकेच्या कॅश क्रेडिटमधला पैसा नाटकाला लावू नका. ती मर्यादा मालासाठी आणि उधारीसाठी मिळालेली असते. ती दुसरीकडे वळवली तर बँक हरकत घेते, आणि नाटक पडलं की चांगला चाललेला कारखानाही अडकतो. सोनं तारण ठेवून नको, मुलीच्या लग्नाची ठेव मोडून नको, आणि मित्रांकडून गोळा करून तर अजिबात नको. मित्राचे पैसे बुडाले की मित्रही जातो.

आमच्या घरी यासाठी एक लाल वही आहे. पहिल्या कंत्राटाच्या आदल्या रात्री मी रक्कम सांगितली. बायकोने ती लिहिली, पुढे 'गेले' असा शब्द लिहिला आणि तारीख टाकली. मी म्हटलं, "अगं, अजून प्रयोग व्हायचाय." ती म्हणाली, "म्हणून तर आज लिहिते. परत आले तर खोडीन." तेव्हापासून प्रत्येक नाटकाची रक्कम त्या वहीत आधी 'गेले' होते आणि मगच बँकेतून निघते. तुमच्याकडे वही असो वा नसो, घरातल्या माणसाला आकडा माहीत हवा. जो आकडा बायकोला सांगायची हिंमत होत नाही, तो मोठा आहे असं समजा.

दोन महिने तिकीटबारीवर

पैसा काढायच्या आधी दोन महिने शनिवार-रविवार तिकीटबारीवर घालवा. शालिमारचं महाकवी कालिदास कलामंदिर आणि टिळकपथावर सार्वजनिक वाचनालयाचं परशुराम साईखेडकर नाट्यगृह, ही दोन्ही ठिकाणं गावाच्या मध्यावर आहेत. व्यावसायिक नाटकाचा गल्ला कळायला कालिदास, आणि हौशी मंडळी काय करतायत ते बघायला साईखेडकर.

प्लॅन म्हणजे खुर्च्यांचा नकाशा. पूर्वी तो छापील कागद असायचा, विकलेल्या खुर्चीवर पेन्सिलीने फुली मारलेला. आता बरीचशी विक्री मोबाइलवर होते. तरी खिडकीवरचा माणूस जे बघतो ते मोबाइलवर दिसत नाही. मी पहिल्यांदा गेलो तेव्हा तिथल्या एका जुन्या बुकिंगवाल्याने मला चहा पाजून सांगितलं, "शेठ, शेवटच्या तासाची रांग बघून भुलू नका. प्लॅन उघडतो त्या सकाळी कोण येतं ते बघा. तीच माणसं पुढे दहा जणांना सांगतात." मी पुढचे आठ रविवार तेच केलं. वहीत तीन गोष्टी टिपल्या: पहिल्या दिवशी किती खुर्च्या गेल्या, कोणत्या दराच्या गेल्या, आणि खिडकीवर माणूस पहिला प्रश्न कोणता विचारतो. "कोण आहे त्यात?" असं विचारणारा एकदा येतो. "मागच्या वेळी हुकलं, आता कधी लागणार?" असं विचारणारे ज्या नाटकाला दिसतील, त्याचं कंत्राट घ्यायला हरकत नाही.

नाशिकच्या प्रेक्षकाचा स्वभावही याच दोन महिन्यांत कळतो. शिरवाडकरांचं हे गाव. वसंत कानेटकर इथे राहून लिहायचे, इथेच कॉलेजात शिकवायचे. राज्य हौशी नाट्य स्पर्धेचं केंद्र इथे भरतं, आणि त्या स्पर्धेत काम केलेली किंवा पडद्यामागे दोऱ्या ओढलेली माणसं गल्लोगल्ली आहेत. मालिकेतल्या चेहऱ्यावर पहिला प्रयोग भरतो, पण संहिता पातळ असेल तर दुसऱ्या वेळी निम्मी खुर्ची रिकामी राहते. हे मी तीनदा पाहिलंय.

मग एकच प्रयोग विकत घ्या

सुरुवात नेहमी कंत्राटी प्रयोगापासून करा. यात निर्माता ठरलेल्या रकमेत सगळं नाटक तुमच्या गावी आणतो: कलाकार, सेट, बॅकस्टेजची माणसं, सगळं. नाट्यगृह, जाहिरात, तिकीटविक्री तुमच्याकडे. गल्ला तुमचा आणि तोटाही तुमचाच. एका रात्रीत सगळा खेळ संपतो, म्हणून शिकायला याहून चांगली जागा नाही.

गणित कसं मांडायचं ते एका नमुन्यावर दाखवतो. आकडे समजुतीसाठी धरलेत, प्रत्येक नाटकाला ते बदलतात. समजा विकण्याजोग्या ८०० खुर्च्या आहेत. पुढच्या २५० चा दर ५०० रुपये, मधल्या २५० चा ४००, मागच्या १५० चा ३०० आणि बाल्कनीतल्या १५० चा २००. सगळं विकलं तर गल्ला ३,००,०००. आता खर्च: निर्मात्याची रक्कम १,३०,०००, नाट्यगृहाचं भाडं आणि वीज २२,०००, जाहिरात २८,०००, मंडळींचं राहणं-जेवण १८,०००, दारावरची माणसं, पोस्टर आणि किरकोळ १२,०००. एकूण २,१०,०००. हाउसफुल्ल झालं तर ९०,००० सुटतात.

नवा माणूस इथेच थांबतो आणि हो म्हणून बसतो. तुम्ही आणखी एक ओळ लिहा: अर्धं घर. समजा पुढच्या १५०, मधल्या ९०, मागच्या ६० आणि बाल्कनीच्या १०० खुर्च्या गेल्या. चारशे माणसं आत बसलीत, नाट्यगृह डोळ्यांना बऱ्यापैकी भरलेलं दिसतं, टाळ्या पडतायत. गल्ला १,४९,०००. खिशातून गेले ६१,०००. म्हणजे हाउसफुल्लच्या एका रात्रीत अर्ध्या घराच्या दोन रात्रींचा तोटाही भरून निघत नाही. लाल वहीत लिहायचा आकडा मात्र याहूनही वेगळा. प्रयोगच रद्द झाला, प्रेक्षकांना पैसे परत द्यावे लागले, आणि निर्मात्याची आगाऊ रक्कम, भाडं आणि जाहिरात बुडाली, तर किती? तो आकडा 'गेले'.

पासांचं कडक धोरण ठेवा. पुढच्या रांगेतले ४० पास वाटले की २०,००० गेले, आणि वाटलेले पास बहुतेक अशाच लोकांना जातात ज्यांना पाचशे रुपये देणं जड नसतं. मी माझ्या सख्ख्या भावालाही तिकीट काढायला लावतो. पत्रकार, नाट्यगृहाच्या करारातल्या राखीव जागा, आणि दोन-चार ज्येष्ठ रंगकर्मी, ज्यांनी आयुष्य घातलं पण आता तिकीट परवडत नाही, एवढ्यांनाच पास. या शेवटच्या मंडळींना स्वतः दारात उभं राहून आत न्या.

दर ठरवताना एक रेघ लक्षात असू द्या. नाटकाच्या तिकिटावर प्रत्येकी ५०० रुपयांपर्यंत जीएसटी नाही, त्याच्या वर गेलं की १८ टक्के. म्हणून बऱ्याच नाटकांचा वरचा दर पाचशेला येऊन थांबलेला दिसतो. ५५० लावलं तर प्रेक्षकाला ६४९ पडतात आणि तुमच्या हाती वाढीव पन्नासच येतात.

कंत्राटाचा कागद साधा असला तरी चालेल, पण लेखी हवा. माझ्या कागदात पुढच्या गोष्टी कायम असतात. नावानिशी प्रमुख कलाकार कोण, आणि त्यातला कोणी आजारी पडला तर तारीख बदलायची की आगाऊ रक्कम परत, हे आधी. सेटचा टेम्पो किती वाजता नाट्यगृहाशी लागणार. कसाऱ्याचा घाट तुंबला तर तीन तास कसे निघून जातात ते आपल्याला माहीत आहे, म्हणून रात्रीच्या प्रयोगासाठीही मी दुपारी १२ ची वेळ लिहून घेतो. आपल्या प्रयोगाच्या आधी आणि नंतर महिनाभर नाशिक, सिन्नर, ओझर परिसरात त्याच नाटकाचा दुसरा प्रयोग नाही. बस, टोल, हॉटेल कोणाचं. आणि सरकारी आदेशाने नाट्यगृह बंद झालं तर आगाऊ रकमेचं काय. हे शेवटचं कलम मला २०२० ने शिकवलं. त्या मार्चमध्ये नाट्यगृहं बंद झाली, नोव्हेंबरात निम्म्या खुर्च्यांवर उघडली, २०२१ च्या एप्रिलमध्ये पुन्हा बंद झाली ती ऑक्टोबरात उघडली. ज्यांच्या कागदात ओळ नव्हती त्यांची रक्कम निर्मात्याकडे अडकली, आणि निर्माता तरी कुठून देणार होता? त्याच्या माणसांच्या चुली बंद होत्या.

तारखेला नाटकाइतकंच महत्त्व आहे. मे महिन्यात आणि दिवाळीच्या आसपास घरोघरी पाहुणे असतात, तेव्हा विनोदी किंवा कौटुंबिक नाटक घ्या. फेब्रुवारी-मार्च दहावी-बारावीच्या घरांचा, त्या घरांतली चार-चार तिकिटं बुडतात. जुलै-ऑगस्टमध्ये गंगापूर धरणाचा विसर्ग वाढला आणि गोदाघाटावर दुतोंड्या मारुतीच्या छातीला पाणी लागलं की गाव पूर बघायला नदीकडे जातं आणि उरलेले घरात बसतात. एकदा माझा रविवारचा प्रयोग नेमका तसा सापडला होता. दुपारी तीनपासून खिडकीवर फक्त तिकीट परत घेणार का विचारायला माणसं येत होती. २०२७ च्या सिंहस्थात पर्वण्यांच्या आजूबाजूचे आठवडे सरळ सोडून द्या. कांद्याचा भाव पडलेला असेल तर लासलगाव-निफाडकडून गाड्या करून येणारा प्रेक्षकही पडतो, हे शहरातल्या माणसाला चटकन सुचत नाही.

जाहिरातीत वर्तमानपत्राची छोटी चौकट, चौकाचौकातली पोस्टरं आणि व्हॉट्सअ‍ॅप हे सगळं लागतंच. पण माझा अनुभव असा की सगळ्यात भरवशाची विक्री गटांची. गृहनिर्माण सोसायट्या, महिला मंडळं, ज्येष्ठ नागरिक संघ, सातपूर-अंबडच्या कारखान्यांची वेल्फेअर कमिटी. वीस तिकिटांचा एक फोन म्हणजे वीस जाहिराती. यासाठी स्वतः जा, माणूस पाठवू नका.

असे निदान सहा प्रयोग करा, वेगवेगळ्या जातीच्या नाटकांचे. सहाव्यानंतर वही उघडून बेरीज करा. थोडा तोटा असला तरी चालेल, ती शिकण्याची फी झाली. तोटा ठरवलेल्या आकड्याच्या वर गेला असेल तर पुढच्या टप्प्याला जाऊ नका, प्रेक्षक म्हणून जात राहा. नाटकाला प्रेक्षकाची गरज भागीदाराइतकीच आहे.

नव्या नाटकात भागी

कंत्राटात तुम्ही चालतं नाटक आणता. निर्मितीत जे अजून कागदावर आहे त्यावर पैसा लावता, म्हणून इथे घाई नको. आधी संहितेचं वाचन ऐका, दिवाणखान्यात, लेखकाच्या तोंडून. वाचन चालू असताना मोबाइल दुसऱ्या खोलीत ठेवा. मग दोन प्रवेश उभे करून दाखवा म्हणा. ज्याला नाटक खरंच करायचंय तो आनंदाने दाखवतो.

गणित पुन्हा नमुन्याचं. समजा नाटक उभं करायला २० लाख लागले: सेट, कपडे, संगीत, प्रकाशयोजना, तालमीच्या हॉलचं भाडं, पहिली जाहिरात. प्रत्येक प्रयोगाचा खर्च, म्हणजे कलाकारांच्या नाइट (एका प्रयोगाचं मानधन), बॅकस्टेज, भाडं, वाहतूक मिळून १,१०,००० आणि सरासरी गल्ला १,४०,०००. प्रयोगामागे ३०,००० उरतात. २० लाख वसूल व्हायला ६७ प्रयोग हवेत. महिन्याला आठ प्रयोग झाले तर साडेआठ महिने, आणि तेही सरासरी टिकली तर. आता विचारा: या प्रमुख कलाकारांच्या एवढ्या तारखा आहेत का? मालिका आणि सिनेमा करणारा नट महिन्याला चार तारखा देत असेल तर वसुलीला सतरा महिने लागतात, आणि तोवर नाटकाची हवा ओसरते. मला वाटतं, नव्या नाटकात भागी घेणारे इथेच सगळ्यात जास्त फसतात. संहिता, दिग्दर्शक, नाव सगळं बघतात आणि तारखांची डायरी मागायचं विसरतात. ती पहिल्याच बैठकीत मागा.

करारात माझा आग्रह चार गोष्टींचा असतो. माझी रक्कम ठरलेली. खर्च वाढला तर वाढीव पैसे देणं माझ्यावर बंधनकारक नाही. प्रयोगाच्या त्याच रात्री हिशेबाचा कागद फोटो काढून पाठवायचा: विकलेली तिकिटं, पास, खर्च, शिल्लक. शिल्लक कोणत्या क्रमाने वाटायची ते स्पष्ट: आधी प्रयोगाचा खर्च, मग भांडवलाची परतफेड, मग नफा. आणि सलग किती प्रयोग तोट्यात गेले की थांबायचं, तो आकडा. माझ्या एका करारात तो आठ होता.

लेखकाशी केलेला करार स्वतः वाचा. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात एक-दोन गोष्टी अशा आहेत की त्या न कळल्याने लोकांनी गाजलेलं नाटक हातचं घालवलंय. हक्काचं हस्तांतर लेखी आणि सहीचं नसेल तर ते धरलं जात नाही. मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षांचीच मानतात. प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. आणि करारात वेगळं काही नसेल तर मिळालेले हक्क एका वर्षात न वापरल्यास ते संपतात. तालमी लांबल्या, वर्ष उलटलं, लेखक दुसऱ्याकडे गेला, तर त्याला दोष देता येत नाही. सिनेमा, वेब मालिका, दुसऱ्या भाषेतलं नाटक यांचे हक्क वेगळे लिहा, आणि लेखकाला त्याचं मानधन प्रयोगागणिक वेळेवर द्या. ज्याच्या शब्दावर सगळं उभं आहे त्याला ताटकळत ठेवणारा निर्माता मला मान्य नाही.

रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचं प्रमाणपत्र आहे ना, हे प्रत हातात घेऊन बघा. त्याशिवाय जाहीर प्रयोग करता येत नाही. नाटकात ध्वनिमुद्रित गाणी वापरली असतील तर त्यांचे परवाने कोणी काढले तेही विचारा. नव्या व्यावसायिक नाटकांना राज्य सरकारचं अनुदान मिळू शकतं. मिळालं तर कोणाच्या खात्यात जाणार ते लिहा, पण वसुलीच्या गणितात ते धरू नका.

पैसा कोणत्या नावाने लावायचा, यावर तुमच्या सीएबरोबर एक संध्याकाळ बसा. स्वतःच्या मालकी व्यवसायात नाटक धरलं तर त्याचा तोटा त्याच वर्षी कारखान्याच्या नफ्यातून वजा होऊ शकतो, पण नाटकाची देणी थेट तुमच्या घरापर्यंत येतात. साध्या भागीदारीत तर दुसऱ्या भागीदाराने केलेल्या देण्यालाही तुम्ही पुरते बांधलेले. २००८ च्या कायद्याने आलेली एलएलपी, म्हणजे मर्यादित जबाबदारीची भागीदारी, केली तर जबाबदारी घातलेल्या भांडवलापुरती राहते, मात्र तोटा एलएलपीतच राहतो. तो आठ वर्षं पुढे ओढता येतो, कारखान्याच्या नफ्यातून वजा होत नाही. मी एलएलपी निवडली. कर थोडा जास्त गेला तरी चालेल, पण अंबडच्या शेडवर नाटकाचं देणं यायला नको होतं.

व्यवहार बँकेतूनच करा. पाकिटात नाइट देण्याची जुनी पद्धत अजून कुठे कुठे आहे. एका माणसाला एका दिवसात १०,००० च्या वर रोख दिली तर आयकरात तो खर्च धरला जात नाही, आणि २०,००० पासून पुढचं कर्ज रोखीने घेणंही कायद्यात बसत नाही. कलाकार-तंत्रज्ञांच्या मानधनावरचा टीडीएस पहिल्या महिन्यापासून कापा आणि त्यांना तसं आधी सांगा. वर्षाअखेरीला एकदम सांगितलं की माणसं दुखावतात, आणि त्यांचं बरोबर असतं.

सिनेमाबद्दल

पहिला पैसा सिनेमात नको. हे नाशिकच्या माणसाला सांगताना मला जड जातं, कारण त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या फाळक्यांनीच हा उद्योग या देशात उभा केला. पण त्यांच्याच गोष्टीत सावकाराने कसं वागावं ते आहे. १९१२ मध्ये विम्याची पॉलिसी गहाण टाकून ते लंडनला गेले, कॅमेरा घेऊन आले. चित्रपटासाठी कर्ज हवं होतं, कोणी विश्वास ठेवेना. तेव्हा त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, अंकुर फुटून रोप वाढेपर्यंत रोज थोडं थोडं चित्रण केलं आणि ती छोटीशी फिल्म यशवंतराव नाडकर्णींना दाखवली. नाडकर्णी छायाचित्रणाच्या सामानाचे व्यापारी होते. त्यांनी ते रोप पडद्यावर वाढताना बघितलं आणि मगच पैसे दिले. ३ मे १९१३ ला गिरगावच्या कोरोनेशनमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लागला. शंभर वर्षांहून जास्त काळ लोटला, तरी पैसे मागायला आलेल्या माणसाला मी अजून हेच म्हणतो: वाटाण्याचं रोप दाखवा.

फाळक्यांची पुढची गोष्टही वाचण्यासारखी आहे. १९१८ मध्ये नाशिकला भांडवलदार भागीदारांबरोबर हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी सुरू झाली, आणि थोड्याच काळात भागीदारांशी मतभेद होऊन ते कंपनी सोडून काशीला गेले. १९२२ मध्ये परत आले. कलावंत आणि पैसेवाला दोघंही चांगले असले तरी भांडण होतं. कोण काय ठरवणार, ते सुरुवातीलाच लिहायला हवं: संहिता, पात्रं, संगीत दिग्दर्शकाकडे, दर, तारखा, हिशेब तुमच्याकडे.

माझं जे झालं ते सांगतो, नाव घेत नाही. आठ लाख दिले, चार पानी करार झाला, पोस्टरवर सहनिर्माता म्हणून नाव आलं. मला 'निव्वळ नफ्याच्या' दहा टक्के मिळणार होते. निव्वळ म्हणजे कशातून काय वजा करून, हे त्या चार पानांत कुठेच नव्हतं. चित्रपट लागला, तिसऱ्या दिवशी संध्याकाळचा खेळ सकाळी साडेदहाला गेला, आठवड्याने उतरला. हिशेब आजपर्यंत आला नाही. मी त्या कार्यालयाच्या पायऱ्या किती वेळा चढलो ते मोजलं नाही. दुःख पैशांचं कमी होतं, ते वहीत आधीच 'गेले' होते. पण तीस-चाळीस माणसांनी रात्री जागून केलेल्या कामाचा कोणी साधा हिशेबही मांडू नये, याचा राग अजून गेलेला नाही.

तिकिटाचा पैसा कुठे कुठे जातो ते समजून घ्या. आधी जीएसटी. मग चित्रपटगृहाचा वाटा: २००९ मध्ये निर्माते आणि मल्टिप्लेक्स यांचा संप मिटला तेव्हा हिंदी चित्रपटांसाठी वितरकाचा वाटा पहिल्या आठवड्यात ५० टक्के, दुसऱ्यात ४२.५, तिसऱ्यात ३७.५ आणि पुढे ३० असा ठरला होता. म्हणजे चित्रपट जितका टिकतो तितका आपला वाटा घटतो. मग वितरकाचं कमिशन, मग प्रसिद्धीचा खर्च, आणि उरलं तर निर्माता. तरीही सिनेमात जायचंच असेल तर करारात या सगळ्या वजावटी आकड्यांनिशी लिहून घ्या. दूरचित्रवाणी आणि ओटीटीचे हक्क विकल्यावर पैसे कोणत्या खात्यात येणार, त्या खात्याची माहिती तुम्हाला दिसणार का, तुमच्या सीएला वह्या बघता येणार का, मूळ फाइल कोणाच्या ताब्यात राहणार, तेही लिहा. आणि रक्कम एकदम देऊ नका: चित्रीकरण सुरू होताना काही, संपल्यावर काही, सेन्सॉर प्रमाणपत्र आल्यावर शेवटचा हप्ता.

थांबताना

करारातला थांबण्याचा आकडा आला की थांबा. सगळे म्हणतील, आणखी दोन प्रयोग, पुण्याला चालेल, सुट्ट्या लागू देत. आमचं नाटक एक्केचाळीस प्रयोग झालं, त्यात शेवटचे आठ तोट्यात. नववा मी केला नाही. दिग्दर्शक दोन महिने माझ्याशी बोलला नाही, मग एक दिवस नवी संहिता घेऊन कारखान्यात आला.

थांबायचं ठरलं की आधी बॅकस्टेजच्या माणसांची देणी द्या, मग कलाकार, मग जाहिरातवाला, मग स्वतः. लेखकाला पत्र देऊन हक्क कधी मोकळे होतात ते कळवा. त्याच्या नाटकाला दुसरा निर्माता मिळू शकतो. सेटसाठी गोडाऊनचं भाडं भरत बसू नका, सहा महिन्यांत ते सेटच्या किमतीएवढं होतं. आमच्या सेटचे फ्लॅट (भिंतींच्या चौकटी), दोन दारं आणि जिना अंबडच्या शेडमध्ये रीळांच्या मागे ताडपत्रीखाली होते. पावसाळा संपल्यावर स्पर्धेची तयारी करणारी मुलं ते मागायला आली. कागदावर सही घेऊन दिले. एका दाराची बिजागरी सैल झाली होती, ती माझ्या फिटरने आधी बसवून दिली.